एज ऑफ एम्पायर्स २ : जुनी व्हर्जन धरून बसायचं की डेफिनिटिव्ह एडिशनवर यायचं?

ट्रेबुशे_ठाणे (धागाकर्ता)

एज ऑफ एम्पायर्स २, म्हणजे मध्ययुगातलं राज्य उभारून लढायचा आपला जुना कॉम्प्युटर गेम, त्यावरून आमच्या ग्रुपमध्ये गेले काही महिने एकच वाद चालू आहे म्हणून इथे मांडतोय. निम्मे लोक अजून सीडीवाल्या कॉन्करर्सवर (मूळ गेमची जुनी पुरवणी) आहेत, दोघं-तिघं २०१३ च्या एचडी आवृत्तीवर आणि उरलेले आम्ही डीईवर, म्हणजे नव्याने बनवलेल्या डेफिनिटिव्ह एडिशनवर. एकत्र खेळणं बंदच पडलंय. माझं मत, सगळ्यांनी डीई घ्यावी आणि अपडेट चालू ठेवावेत, जुन्या व्हर्जनचा हट्ट आता पुरे.

मूळ गेम १९९९ चा, कॉन्करर्स २००० चा, त्याचा शेवटचा ऑफिशियल पॅच १.०सी. त्यापुढे कंपनीने बरीच वर्षं तिकडे बघितलं नाही. विंडोज ७ वर तो गेम लावलेला आठवतोय का कोणाला? गवत लाल, पाणी जांभळं, माणसांचे चेहरे भलतेच. गेम २५६ रंगांच्या पॅलेटवर चालायचा आणि विंडोजचा एक्सप्लोरर मध्येच त्या पॅलेटमध्ये हात घालायचा. मग टास्क मॅनेजर उघडा, एक्सप्लोरर बंद करा, टास्कबार गायब झाला की तिथूनच न्यू टास्कमध्ये जाऊन गेम चालू करा, आणि खेळून झालं की एक्सप्लोरर परत जिवंत करा. पुढे विंडोज ८ आणि १० आलं तर मल्टीप्लेयरसाठी डायरेक्टप्ले (एकमेकांशी जोडून खेळायला लागणारा विंडोजचा जुना भाग) आपल्या हाताने चालू करावं लागायचं, कारण विंडोजने ते जुन्या सामानात टाकून दिलेलं. म्हणजे गेम तुम्ही अपडेट केला नाही तरी त्याच्या खालची जमीन अपडेट होतच असते ना.

आणि एक. ज्याला आपण "ओरिजिनल" म्हणून कवटाळतो तो कॉन्करर्स तरी काय होता? १९९९ च्या गेममध्ये प्रत्येक शेत संपलं की स्वतः जाऊन परत पेरायचं. कॉन्करर्सने मिलमध्ये आगाऊ पैसे भरून रांग लावायची सोय दिली, लंबर कॅम्प बांधला की व्हिलेजर (कामकरी) आपणहून लाकडं तोडायला लागले, टाउन सेंटरला दगड लागायला लागला. तेव्हा कोणी म्हटलं नाही की आमचा गेम बिघडवला. डीईने तीच वाट पुढे नेली.

मेंढीपाल

दादा, तुझी विंडोजवाली गोष्ट शंभर टक्के खरी, पण निष्कर्ष पटला नाही.

मी गावाकडे असतो, लॅपटॉप जुना, ग्राफिक कार्ड वेगळं नाहीच. कॉन्करर्स आख्खा पेन ड्राइव्हमधे मावतो आणि उघडला की पाच सेकंदात स्क्रीनवर. डीईला ३० जीबी जागा मागतात, ६४ बिट विंडोज १० पाहिजे, आणि एवढं सगळं करून रँक्ड (क्रमवारीचे ऑनलाइन सामने) खेळायचं तर आधी मशीनचा वेग मोजणारी बेंचमार्क टेस्ट, त्यात १००० स्कोअर आला नाही तर दार बंद. अरे हा १९९९ चा गेम आहे! बैलगाडी, मेंढ्या आणि चार किल्ले दाखवायला मला नवीन मशीन घ्यायला लावता?

लॅनचं तर बोलूच नका. दिवाळीत चुलतभाऊ जमले की आम्ही दोन लॅपटॉप वायरने जोडतो आणि रात्रभर खेळतो, नेट असो नसो, लाइट गेली तरी बॅटरी संपेपर्यंत खेळतो. डीईमध्ये लॅनवर खेळायचं तरी आधी नेटवरून साइन इन. शेजारच्या खोलीतल्या माणसाशी खेळायला मी सर्व्हरची परवानगी का घेऊ?

आणि डीईमध्ये शेत आपोआप पेरलं जाणं याला मी सुधारणा मानत नाही. लढाई चालू असताना शेताकडे लक्ष ठेवणं हाच तर या गेमचा कस होता.

नाशिककर_नाइट

@मेंढीपाल, बेंचमार्कवर राग समजू शकतो पण ते का ठेवलंय ते जरा बघ, उगाच कोणाला बाहेर ठेवायला केलेलं नाहीये.

हा गेम नेटवर खेळताना तुझं मशीन माझ्या मशीनला प्रत्येक धनुर्धारी कुठे उभा आहे ते पाठवत नाही. फक्त हुकूम जातो, "हे दहा जण तिकडे चाला". मग तुझं मशीन आणि माझं मशीन आपापलं सगळं गणित करतं आणि दोन्हीकडे उत्तर तंतोतंत सारखं यावं लागतं. ९० च्या दशकात २८.८ च्या मोडेमवर शेकडो सैनिक चालवायचे तर दुसरा उपायच नव्हता, आणि आजही पाया तोच आहे. त्यामुळे आठ जणांत एकाचं मशीन हळू असलं की आठही जणांचा गेम हळू होतो, कारण सगळ्यांना त्याच्यासाठी थांबावं लागतं. जुन्या दिवसात सगळा गेम चिखलातून चालल्यासारखा व्हायचा आणि सगळे मिळून एकाला शिव्या घालायचे, तो प्रकार थांबवायला ती टेस्ट आहे. सिंगल प्लेयरला ती अडवत नाही.

आणि म्हणूनच सगळ्यांची व्हर्जन एकच हवी. एका पॅचमध्ये घोड्याची किंमत पाचने बदलली आणि तुझ्याकडे जुना आकडा असला, तर काही मिनिटांत दोन मशीनवरची दोन जगं वेगळी होतील आणि गेम "आउट ऑफ सिंक" म्हणून बंद पडेल. ऑनलाइन खेळात प्रत्येकाने आपल्या आवडीची व्हर्जन ठेवायची हे तांत्रिकदृष्ट्याच जमत नाही, मग एक कोणती तरी ठरवायला लागणार, आणि ती चालती-बोलती व्हर्जन असावी हे सरळ आहे.

पॅच_नको

ऑनलाइनपुरतं ठीक. पण "लेटेस्टला या" म्हणताना लोक विसरतात की लेटेस्ट म्हणजे दर वेळी जास्त असं नसतं, कधी कधी लेटेस्ट म्हणजे कमी.

वॉरक्राफ्ट ३ चं बघा. जानेवारी २०२० ला त्याची नवी आवृत्ती रिफोर्ज्ड आली. ज्यांनी ती विकत घेतली नाही, ज्यांच्याकडे २००२ चा पैसे मोजून घेतलेला गेम होता, त्यांचाही मशीनवरचा गेम ऑनलाइन जायचं तर नव्यावर ओढला गेला. लॅडर (क्रमवारी) गायब, क्लॅन (खेळाडूंचे गट) गायब, लोकांनी बनवलेली कस्टम कॅम्पेन गायब, वरून भलामोठा डाउनलोड. लोक इतके भडकले की कंपनीला रिफंड द्यावे लागले. पण रिफंड नव्या गेमचा मिळाला, जुना गेम जसा होता तसा मिळाला का?

जीटीए ४ घ्या. २०१८ मध्ये गाण्यांचे लायसन्स संपले, अपडेट आला आणि रेडिओवरची गाणी काढली, व्लादिवोस्तोक एफएम तर जवळजवळ नवीनच झालं. ज्या शहरातून गाडी चालवताना ती गाणी कानात बसली होती ते शहरच वेगळं वाटायला लागलं. २०२० मध्ये आणखी एक अपडेट, त्यात मल्टीप्लेयरच काढून टाकलं, कारण ज्या गेम्स फॉर विंडोज लाइव्हवर ते चाललेलं ती सेवाच मेली होती. नाव काय दिलं? कम्प्लीट एडिशन. आज तिथले जाणकार लोक गेम घेतला की पहिलं काम डाउनग्रेडचं, म्हणजे जुन्या व्हर्जनवर परत जायचं, करतात.

सीएस:गोचंही (काउंटर-स्ट्राइक) तेच, २७ सप्टेंबर २०२३ ला त्याच जागी सीएस २ येऊन बसला, मॅकवाले आणि ३२ बिटवाले बाहेर.

म्हणून माझा साधा नियम, सिंगल प्लेयर गेमचा ऑटो अपडेट बंद. चालतोय ना, मग हात लावायचा नाही.

रानवारा

"चालतोय ना, हात लावायचा नाही" हे ऑनलाइन गेमबाबत धोकादायक आहे हो. मी सिक्युरिटीत काम करते म्हणून कळकळीने लिहितेय.

जानेवारी २०२२ मध्ये डार्क सोल्सच्या पीसी आवृत्त्यांमध्ये अशी फट सापडली की समोरचा अनोळखी खेळाडू ऑनलाइन येऊन तुमच्या कॉम्प्युटरवर स्वतःचा कोड चालवू शकत होता. गेममधला कॅरेक्टर मरतो एवढंच नाही, आख्खं मशीन त्याच्या हातात, तुमच्या बँकेच्या पासवर्डसकट. तिन्ही गेमचे पीसी सर्व्हर बंद केले. तिसरा भाग त्याच वर्षी ऑगस्टमध्ये दुरुस्त होऊन परत आला. पहिल्या भागाची २०१२ ची जुनी पीसी आवृत्ती मात्र ऑनलाइन परत आलीच नाही.

वीस-पंचवीस वर्षांपूर्वीचा नेटवर्क कोड लिहिताना असा विचारही कोणाच्या मनात नव्हता. त्या कोडला आज कोणी वाली नसेल तर तो ओपन नेटवर सोडू नका. घरात वायरने दोन लॅपटॉप जोडून भावाशी खेळता, जरूर खेळा, त्यात धोका नाही. पण जुनी व्हर्जन घेऊन अनोळखी लॉबीत जाऊ नका आणि कुठल्या तरी साइटवरची क्रॅक केलेली एक्झी (प्रोग्रॅमची फाइल) तर अजिबात नको.

पॅच_नको

@रानवारा हे मान्य, मी सिंगल प्लेयरच म्हटलं होतं. पण कंपनीने फट बुजवायचा पॅच आणि गाणी काढायचा पॅच वेगळे द्यावेत ना. सगळं एका गाठोड्यात बांधून "घ्या नाहीतर राहा" म्हणतात तिथे माझी तक्रार आहे.

शिलेदार_सोलापूर

मला कोणी सांगेल का की आपल्या भारताचं काय करून ठेवलंय? २०१३ च्या फॉरगॉटन या एक्सपान्शनमध्ये "इंडियन्स" आले तेव्हा केवढा आनंद झाला होता, उंटांची फौज घेऊन नाइटवाल्यांना पळवायचो. २०२२ च्या एप्रिलमध्ये एक अपडेट आला आणि इंडियन्स हे नावच गेलं, हिंदुस्तानी झालं. वर बंगाली, द्रविडियन आणि गुर्जर असे तीन नवे, ते वेगळे पैसे भरून. माझं नेहमीचं सिव्ह (खेळायला निवडायचं राज्य), माझी बिल्ड ऑर्डर (काय कधी बांधायचं तो ठरलेला क्रम), सगळं एका रात्रीत बदललं. मला विचारलं होतं का?

संध्याकाळची_लॉबी

@शिलेदार मला तर तो या गेमचा सगळ्यात चांगला अपडेट वाटतो, मनापासून.

आधी काय होतं, युरोपातल्या टीचभर प्रदेशाला ब्रिटन्स, फ्रँक्स, ट्यूटन्स, केल्ट्स असे वेगवेगळे आणि काश्मीरपासून कन्याकुमारीपर्यंत सगळ्यांना मिळून एक इंडियन्स! चोळांचं आरमार आणि दिल्लीची घोडदळं एकाच डब्यात? आता राजेंद्र चोळाची मोहीम खेळता येते, पाल घराण्याच्या देवपालाची आहे, बाबराची आहे, आणि जुन्या पृथ्वीराजाच्या मोहिमेत आता आपण गुर्जर असतो. द्रविडियन घेऊन बेटांच्या नकाशावर खेळून बघ, प्रत्येक युगात २०० लाकूड फुकट मिळतं, समुद्रावर त्यांच्यापुढे टिकणं कठीण होतं. उरुमी फिरवणारा तलवारबाज कुठल्या दुसऱ्या गेममध्ये बघितलास? आणि तुझी उंटं गेलीच नाहीत, हिंदुस्तानींकडे इम्पिरियल कॅमल अजून आहे, आणि ते मूळ गेमबरोबरच मिळतात, वेगळे पैसे नाहीत.

मराठे नाहीत याची खंत मलाही आहे पण हा गेम साधारण सोळाव्या शतकात संपतो त्यामुळे ते समजून घेते.

शिलेदार_सोलापूर

मोहिमा चांगल्या आहेत, नाही म्हणत नाही. पण जुने इंडियन्स खेळायची सोय ठेवायला काय जात होतं? माझे रेकॉर्ड केलेले जुने सामनेसुद्धा आता उघडत नाहीत.

नाशिककर_नाइट

ते रेकॉर्डिंग म्हणजे व्हिडिओ नसतो, वर लिहिलं तसे फक्त हुकूम साठवलेले असतात. नवीन आकड्यांवर जुने हुकूम चालवले तर भलतीच लढाई होईल, म्हणून गेम नकार देतो. आवडता सामना असेल तर पॅच यायच्या आधी स्क्रीन रेकॉर्ड करून ठेवायचा, एवढाच इलाज.

मेंढीपाल

आता माझा शेवटचा मुद्दा आणि हा सगळ्यांनी नीट वाचा. आज डीईच्या मागे जी टीम आहे, फॉरगॉटन एम्पायर्स, ती मुळात कोण? जुन्या कॉन्करर्सवर मॉड, म्हणजे स्वतःचे बदल, बनवणारे चाहते. कंपनीने पाठ फिरवली होती त्या काळात २०१२ मध्ये त्यांनी फुकट मॉड काढला, तो एवढा चालला की वर्षभरात कंपनीने त्यांनाच घेऊन ऑफिशियल एक्सपान्शन केलं. वाइडस्क्रीन कोणी दिली? युजरपॅचवाल्या चाहत्यांनी. लोक वूब्लीवर (जुना गेम नेटवर खेळायची जागा) वर्षानुवर्षं खेळत राहिले म्हणून गेम जिवंत राहिला. जुनी व्हर्जन लोकांच्या हार्ड डिस्कवर होती, कोणी रिमोटने पुसू किंवा बदलू शकत नव्हतं, म्हणून हे सगळं घडलं. तुम्ही ज्या डीईचं कौतुक करताय ती जुन्या व्हर्जनला चिकटून बसलेल्या हट्टी लोकांनीच जन्माला घातलीय! आणि आता त्याच लोकांना सांगताय हट्ट सोडा.

ट्रेबुशे_ठाणे

@मेंढीपाल हा मुद्दा मोठा आहे आणि याच्याशी माझं भांडण नाहीच. जुनी व्हर्जन पुसून टाका असं मी कधीच म्हणणार नाही. किंबहुना एज ऑफ एम्पायर्सवाल्यांनी वॉरक्राफ्टसारखं केलं नाही हे मला त्यांचं सगळ्यात मोठं काम वाटतं. डीई हा वेगळा गेम म्हणून आला, एचडी "२०१३" नावाने स्टीमवर (गेम्सचं ऑनलाइन दुकान) तसाच राहिला, ज्याला राहायचंय तो राहतोय. सीडीवाला गेमही कोणी हिसकावला नाही.

पण तू ज्या चाहत्यांचं नाव घेतोस त्यांनी काय केलं बघ ना. त्यांनी गेम १.०सी वर गोठवून नाही ठेवला, रोज त्यात भर घातली. नवीन सिव्ह, वाइडस्क्रीन, दुरुस्त्या. जपणं आणि गोठवणं यात फरक आहे आणि मी जपण्याच्या बाजूने आहे.

डीईचा प्रत्येक पॅच मला आवडतो असंही नाही. सैनिक रांगेत नीट चालत नाहीत ही तक्रार मीही करतो. २०२५ च्या मे मध्ये थ्री किंगडम्स या एक्सपान्शनमधून रँक्डमध्ये हिरो (एकेकटे खास ताकदवान योद्धे) आणले तेव्हा मीही ठणकावून विरोध लिहिला. पण आत राहून भांडलं तर ऐकायची शक्यता तरी असते, १.०सी वाल्याचं ऐकायला तिकडे कोणीच बसलेलं नाही.

मेंढीपाल

बरं, मग एवढं तरी कर. ग्रुपचा शनिवारचा गेम डीईवर ठेवा, मी धाकट्या भावाच्या मशीनवरून येईन, त्याचं कार्ड बरं आहे. पण महिन्यातून एकदा कॉन्करर्स १.०सी, वायरने, समोरासमोर, कोणाच्या तरी घरी. त्याला डीईवाल्यांनी पण यायचं.

ट्रेबुशे_ठाणे

चालेल. जागा माझ्याकडे. डायरेक्टप्ले आधीच चालू करून आणा सगळ्यांनी, आणि ज्याच्याकडे चालणारी कॉन्करर्सची सीडी आहे त्याने ती घेऊन या, विंडोज १० वर अडली तर नाशिककर बघेल.

पॅच_नको

मी दोन्हीला येतो. पण माझ्या जीटीए ४ ला कोणी अपडेट करायचं नाही.