विषय : आंब्याच्या साइटवर ‘तुम्ही माणूस आहात का’ अडतंय, तक्रारीत काय लिहायचं?

प्रेषक : देवगड

नमस्कार मंडळी,

पेट्यांच्या ऑर्डरी सुरू झाल्यात. परदेशातून मुंबई-पुण्याच्या नातेवाइकांसाठी पेटी बुक करणाऱ्या सभासदांचे मेल येताहेत, आणि बहुतेकांत एकच ओळ असते : ‘साइट उघडत नाही, सिक्युरिटीचं काहीतरी येतंय.’ हे वेबसाइटवाल्याकडे पाठवलं की त्याचं उत्तर, ‘माझ्याकडे उघडतेय.’ दोघांचंही खरं असतं आणि काम तिथंच थांबतं. साइट क्लाउडफ्लेअर या सुरक्षा पुरवणाऱ्या सेवेच्या मागे आहे, आणि ऑर्डरच्या फॉर्मवर खाली टिक करायची चौकट आहे. सभासदांकडून नेमकं काय मागवू?

प्रेषक : लंडन

ताई,

पेटी पोचली नाही म्हणून ट्रान्सपोर्टवाल्याला फोन केला तर तो पहिल्यांदा बिल्टी नंबर विचारतो. गाव, पेट्या, रंग हे सगळं नंतर. इथंही तसंच आहे. अडवणाऱ्या पानाच्या अगदी तळाशी बारीक अक्षरात ‘रे आयडी’ असा १६ अक्षरांचा क्रमांक असतो. तो त्या एका भेटीचा बिल्टी नंबर. तुमच्या वेबसाइटवाल्याने क्लाउडफ्लेअरमध्ये सिक्युरिटी इव्हेंट्समध्ये तो टाकला की कुठल्या नियमाने, कुठल्या देशातून आलेल्या माणसाला, किती वाजता अडवलं ते समोर येतं. तो नसेल तर हजारो नोंदींत शोधत बसावं लागतं, आणि म्हणूनच ‘माझ्याकडे उघडतेय’ हे उत्तर येतं.

दोन गोष्टी सभासदांना आवर्जून सांगा. एक, क्रमांक कॉपी करून पाठवायचा. हातानेच लिहायची वेळ आली तर त्यात इंग्रजी ए ते एफ आणि शून्य ते नऊ एवढंच असतं. म्हणजे ‘ओ’ दिसला तर ते शून्य आहे, ‘एल’ दिसला तर तो एक आहे. बी आणि आठ, डी आणि शून्य यांची गफलत फार होते. दोन, पान पुन्हा उघडलं की नवा क्रमांक पडतो. आधी कॉपी, मग रिफ्रेश.

दुसरी महत्त्वाची गोष्ट वेळ. नुसतं ‘काल रात्री’ लिहिलं तर कुणाची रात्र? नोंदी बहुधा यूटीसीत (जागतिक प्रमाणवेळेत) वाचल्या जातात आणि आपली घड्याळं त्याच्या साडेपाच तास पुढे आहेत. मे महिन्यात देवगडात रात्रीचे ९:१२ वाजतात तेव्हा लंडनमध्ये दुपारचे ४:४२ असतात आणि यूटीसी १५:४२. तो अर्धा तास लोक हमखास विसरतात, आणि शोध चुकीच्या तासात होतो. सभासदाने स्वतःच्या घड्याळाची वेळ आणि शहराचं नाव लिहावं, हिशेब तुम्ही करा. आणि त्याच दिवशी कळवावं. क्लाउडफ्लेअरच्या छोट्या प्लॅनवर या नोंदी जेमतेम एक दिवस दिसतात. रविवारी अडलेल्याने गुरुवारी मेल केला तर पाहायला काही उरलेलंच नसतं.

तिसरं, आयपी पत्ता (इंटरनेटवरचा आपल्या जोडणीचा क्रमांक) आणि देश. साइटच्या पत्त्यापुढे ‘/सीडीएन-सीजीआय/ट्रेस’ (इंग्रजी अक्षरांत, मधे जागा न सोडता) टाकलं की साध्या अक्षरांतलं एक छोटं पान येतं. त्यात ‘आयपी’, ‘लोक’ म्हणजे देश, आणि ‘कोलो’ म्हणजे क्लाउडफ्लेअरचं कुठलं केंद्र लागलं ते असतं. केंद्राला विमानतळाची तीन अक्षरं असतात : बीओएम मुंबई, एलएचआर लंडन, एसआयएन सिंगापूर. माणूस लंडनमध्ये बसलाय आणि ‘लोक’ भलताच देश दाखवतंय, तर बहुधा व्हीपीएन (दुसऱ्या ठिकाणाहून आल्यासारखं दाखवणारी सोय) चालू आहे हे प्रश्नोत्तरांशिवाय कळतं. ते सगळं पान कॉपी करून मेलात चिकटवायला सांगा.

प्रेषक : मालवण (सध्या सिंगापूर)

लंडनच्या दादांनी सांगितलंय त्यात एक जोडते. ‘सिक्युरिटीचं काहीतरी’ या शब्दांखाली वेगवेगळे आजार असतात आणि प्रत्येकाचा वैद्य वेगळा. स्क्रीनवर काय लिहिलंय ते शब्दशः लिहायला लावा, भाषांतर न करता.

‘तुमचं कनेक्शन प्रायव्हेट नाही’ हा इशारा ब्राउझरचा. त्याखाली ‘सर्ट डेट इनव्हॅलिड’ असेल तर आधी फोनची तारीख बघायची. सेटिंगमध्ये तारीख-वेळ ऑटोमॅटिक करायची. तारीख बरोबर असूनही तेच येत असेल तर साइटचं सर्टिफिकेट, म्हणजे तिची ओळख पटवणारा डिजिटल दाखला, संपलंय. लेट्स एन्क्रिप्ट या संस्थेची सर्टिफिकेटं साधारण ९० दिवसांची असतात आणि आपोआप नवी होतात. तो आपोआप होणारा भाग कुठेतरी मोडला की एके सकाळी सगळ्यांनाच इशारा दिसतो. ‘कॉमन नेम इनव्हॅलिड’ असेल तर पत्त्यात तीन डब्ल्यू होते की नव्हते ते कळवायचं, कारण सर्टिफिकेटात दोन्ही नावं नसणं हे नेहमीचं कारण आहे. ‘ऑथॉरिटी इनव्हॅलिड’ आणि फोन जुना, अँड्रॉइड ७.१.१ च्या आधीचा, असं असेल तर फोनला ती सर्टिफिकेट देणारी संस्थाच ठाऊक नाही. गावाकडे आईवडिलांच्या हातात असे फोन अजून आहेत. तिकिटात, म्हणजे तक्रारीच्या मेलात, अँड्रॉइडची आवृत्ती लिहायला लावा ती यासाठी. आणि कुणालाही ‘ॲडव्हान्स्ड दाबून पुढे जा’ असं सांगू नका. पुढच्याच पानावर त्यांचे पैसे आहेत.

‘एक क्षण थांबा’ येतं, गोल फिरतं, टिक होते, आणि परत तेच पान : हा फेरा बहुतेकदा ब्राउझरमधला असतो. कुकी (साइटने ब्राउझरमध्ये ठेवलेली छोटी नोंद) बंद, जावास्क्रिप्ट अडवणारा ॲडब्लॉकर, व्हीपीएन, चुकलेलं घड्याळ, किंवा फेसबुक-इन्स्टाग्रामच्या आतच उघडलेली लिंक. एकदा तपासणी पार झाली की ब्राउझरमध्ये एक कुकी ठेवली जाते. ती मुळात ३० मिनिटांची असते. ती ठेवूच दिली नाही तर दर वेळी राखणदार नव्याने विचारणार.

‘तुम्हाला ब्लॉक केलं आहे’ किंवा १०२०, १००९, १०१५ असे आकडे आले तर ग्राहकाने कुकी पुसत बसू नये. १०२० म्हणजे साइटमालकाच्या एखाद्या नियमात सापडलात. १००९ म्हणजे तुमचा देशच बंद केलाय. १०१५ म्हणजे थोड्या वेळात फार वेळा आलात, आणि इथं पुन्हा पुन्हा रिफ्रेश केल्याने दुखणं वाढतं. यातलं काहीही क्लाउडफ्लेअरला लिहून सुटत नाही. राखणदार मालकाचं ऐकतो, पाहुण्याचं नाही. म्हणजे तिकीट ताईंकडेच यायला हवं.

प्रेषक : रत्नागिरी

गावाकडची बाजू मांडतो. इथं मोबाईल कंपन्या एकाच आयपीव्ही४ पत्त्यामागे पुष्कळ ग्राहक ठेवतात. त्यातल्या एकाच्या फोनमधल्या कचऱ्याने त्या पत्त्याचं नाव खराब झालं की भोगतं सगळं गाव. म्हणून तक्रार करण्याआधी दोनच चाचण्या करायच्या आणि निकाल लिहायचा : खासगी विंडोत उघडून पाहिलं का, आणि वायफायवरून डेटावर (किंवा उलट) जाऊन पाहिलं का. एका वेळी एकच बदल. दोन्ही एकदम बदलली आणि साइट उघडली, तर कशाने उघडली ते कळत नाही.

आईवडिलांच्या फोनचा स्क्रीनशॉट मागवताना सांगा की पान तळापर्यंत सरकवून मग घ्या. रे आयडी नेमका कापला जातो. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून पाठवला तर बारीक अक्षरं पुसट होतात, ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवला तर होत नाहीत. ओटीपी, यूपीआय आयडी, आधार दिसत असेल तर तो भाग झाकूनच.

आणि एक कळकळीने. खोट्या तपासणीची पानं फिरताहेत. ‘तुम्ही माणूस आहात हे सिद्ध करा’ असं म्हणून कॉम्प्युटरवर विंडोजचं बटण आणि आर दाबा, मग कंट्रोल-व्ही, मग एंटर असं सांगतात. खरी तपासणी ब्राउझरच्या बाहेरचं काहीही करायला कधीच सांगत नाही. त्या तीन बटणांनी आपल्याच हाताने व्हायरस चालू होतो. असं पान आपल्या आंब्याच्या साइटवर कुणाला दिसलं तर मेल नको, थेट ताईंना फोन. साइटमध्ये कुणीतरी शिरलंय असा त्याचा अर्थ असू शकतो. कुणी बटणं दाबून बसलंच असेल तर त्या मशीनचं नेट तोडायचं आणि पासवर्ड दुसऱ्या मशीनवरून बदलायचे.

प्रेषक : देवगड

सगळ्यांचे आभार. अजून एक अडचण वेगळी वाटते. साइट नीट उघडते, चौकटीत टिक होते, पण ऑर्डर दाबल्यावर ‘व्हेरिफिकेशन फेल्ड’. हे चार-पाच ठिकाणी पेट्या पाठवणाऱ्यांनाच जास्त होतं. असं का?

प्रेषक : लंडन

ताई, तुम्ही लिहिलेल्या शेवटच्या वाक्यात उत्तर आहे, आणि तक्रारीत असंच निरीक्षण हवं असतं.

टिक केल्यावर ब्राउझरला एक टोकन, म्हणजे तपासणी पार केल्याची पावती, मिळतं. चौकट क्लाउडफ्लेअरच्या टर्नस्टाइलची असेल तर ते ३०० सेकंद चालतं, गूगलच्या रीकॅप्चाची असेल तर दोन मिनिटं. आणि ते एकदाच वापरता येतं. आधी टिक करून मग आत्याचा पत्ता, मावशीचा पिनकोड शोधत बसलं, मधे व्हॉट्सॲपवर जाऊन आलं, की टोकन शिळं. दुसरी शक्यता, रेंज कमी असल्यामुळे बटण दाबल्यावर काही हललं नाही म्हणून परत दाबलं. पहिल्या दाबण्यात टोकन वापरलं गेलं, दुसऱ्यात तेच पुन्हा गेलं. दोन्हींचा सर्व्हरकडचा एरर एकच असतो, ‘टाइमआउट ऑर डुप्लिकेट’, म्हणून नुसत्या एररवरून यातलं काय झालं ते वेबसाइटवाल्याला कळत नाही. सभासदाला विचारा : पान उघडल्यापासून बटण दाबेपर्यंत अंदाजे किती मिनिटं? बटण किती वेळा दाबलं? पैसे कापले गेले का?

उपाय वेबसाइटवाल्याकडे आहे. चौकट फॉर्मच्या शेवटी, बटणाच्या लगत आणायची. एकदा दाबलं की बटण निष्क्रिय करायचं. आणि टोकन नाकारलं गेलं तर भरलेले पत्ते न पुसता फक्त चौकट नवी करायची.

पैसे कापले पण ऑर्डर ‘पेंडिंग’ अशी तक्रार आली तर आणखी एक जागा पाहायला सांगा. पेमेंट गेटवे पैसे आल्याचा निरोप साइटला परस्पर पाठवतो. तो निरोप आणणारं यंत्र आहे, त्याला टिक करता येत नाही. त्या पत्त्यावर तपासणी लावलेली असेल तर निरोप दारातच अडतो. तेवढ्या पत्त्यापुरता अपवाद ठेवायचा आणि निरोप खरा असल्याची डिजिटल सही कोडमध्ये तपासायची. सगळ्या साइटची सुरक्षा उतरवू नये. मात्र ‘बॉट फाइट मोड’ (यंत्रांना आपोआप अडवणारी क्लाउडफ्लेअरची सोय) चालू असेल तर अपवाद ठेवणाऱ्या नेहमीच्या स्किप नियमाने तो वगळला जात नाही, हे वेबसाइटवाल्याला आठवणीने सांगा. नियम करूनही फरक पडत नाही म्हणून लोक तासन् तास घालवतात.

एचएआर फाइल सरसकट मागवू नका. नेटवर्कची ती सगळी नोंद उपयोगी खरी, पण तिच्यात लॉगिनच्या कुकी असू शकतात. २०२३ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरात ऑक्टा या लॉगिनची सेवा देणाऱ्या कंपनीच्या सपोर्ट यंत्रणेतून ग्राहकांनी दिलेल्या अशाच फाइली चोरीला गेल्या आणि त्यातल्या टोकनांनी चोर पुढे शिरले. लागलीच तर खासगी विंडोत, लॉगिन न करता काढलेली मागा.

नमुना देतो. ताईंनी हाच फॉर्मला जोडावा :

‘विषय : ऑर्डरचं पान, ब्लॉक, लंडन, १२ मे.
काय करत होतो : दोन पेट्या कार्टमध्ये टाकून ‘पुढे’ दाबलं.
काय दिसलं : “सॉरी, यू हॅव बीन ब्लॉक्ड”. स्क्रीनशॉट जोडला आहे, पत्त्याची पट्टी दिसते.
रे आयडी : ८एफ३ए२सी७१डी०४बी९ई६५.
वेळ : दुपारी ४:४२, लंडन.
ट्रेस पान : खाली चिकटवलं आहे.
फोन व ब्राउझर : अँड्रॉइड १४, क्रोम. व्हीपीएन नाही.
चाचण्या : खासगी विंडोत तेच. मोबाईल डेटावर उघडली. घरच्या वायफायवर परत तेच.
पैसे : कापले गेले नाहीत.’

रे आयडी मी इथं देवनागरीत लिहिलाय. सभासदांनी तो स्क्रीनवरचाच उचलून चिकटवायचा. या तिकिटातली चाचण्यांची ओळ पाहा. वायफायवर अडतं, डेटावर नाही, म्हणजे फोन आणि ब्राउझर निर्दोष. वेबसाइटवाला सरळ आयपीच्या नियमाकडे जाईल.

प्रेषक : देवगड

रे आयडी आणि शहरासह वेळ हे दोन रकाने फॉर्ममध्ये आज रात्रीच घालून घेते. चौकट शेवटी आणायला आणि बटण एकदाच चालेल असं करायला वेबसाइटवाल्याला कळवलंय, पेमेंटच्या निरोपाचंही. फोनवर तक्रार घेणाऱ्या पोरांना शून्य आणि ‘ओ’चं कागदावर लिहून देते. ज्यांच्या ऑर्डरी अडल्यात त्यांनी आजच्या आज नमुन्याप्रमाणे मेल करावा. ज्यांचे पैसे कापले गेलेत त्यांनी विषयात ‘पैसे’ हा शब्द पहिला लिहावा, ते मेल मी आधी उघडीन.