मदत हवी आहे : चुंबकी मातीला आवर कसा घालू?

मंडळी, मुलांसाठी एक अद्भुत कादंबरी लिहितोय. जग काल्पनिक, पण वळण आपल्या कोकणाचं: जांभ्याचे सडे, खाड्या, भातखाचरं. तिथली माती मंतरलेली, चुंबकी. नांगराचा फाळ धरून ठेवते, होड्यांचं होकायंत्र भरकटवते.

थोडा आधार खरा घेतलाय. रत्नागिरीच्या किनाऱ्यावरच्या काळ्या वाळूत इल्मेनाइट, मॅग्नेटाइट ही लोहखनिजं असतात. चुंबक फिरवला की त्याला काळ्या कणांच्या मिशा फुटतात. लोहयुक्त माती पालापाचोळ्यासकट भाजली तर तिचं चुंबकत्व वाढू शकतं. म्हणून माझ्या गावात भाजावळ झाली की माती जागी होते. (हे काढायला सांगू नका, माझा जीव त्यात आहे.)

अडलंय ते तिला निजवण्यात. मॅग्नेटाइट साधारण ५८० अंश सेल्सियसच्या वर तापलं की चुंबकत्व जातं, पण निवलं की परत येतं. म्हणजे आगीचा उपाय तात्पुरताच. पावसाने ताकद उतरते म्हणावं, तर पळवाट वाटते. गाऱ्हाणं घालून माती ऐकेल का? की गावकऱ्यांनी लोखंड सोडून लाकडी फाळ आणि पितळी कोयते वापरावेत? पितळेची धार भातकापणीला टिकेल का, हे शेती करणाऱ्यांनी जरूर सांगा.