शब्दचर्चा : ‘पोलीस आयुक्त’ निवडून येतो का?

प्रश्न : इंग्लंड व वेल्समधील ‘पोलीस अँड क्राइम कमिशनर’ या पदासाठी ‘पोलीस व गुन्हे आयुक्त’ हा शब्दप्रयोग चालेल का? वेल्समधील ग्वेंट येथे इयान जॉन्स्टन हे पोलीस अधिकारी पुढे या पदावर निवडून आले. त्यांच्या कारकिर्दीवर एक परिच्छेद लिहायचा आहे. त्यांना ‘निवृत्त’ म्हणावे की ‘माजी’, हेही कृपया सांगावे.

प्रतिसाद : शब्दशः पाहता चूक नाही, पण महाराष्ट्रातील वाचकाची दिशाभूल मात्र होईल. आपल्याकडे पोलीस आयुक्त म्हणजे राज्य शासनाने नेमलेला, गणवेशातील, मुंबई किंवा पुण्यासारख्या शहराच्या दलाचा प्रमुख. त्याला ‘गुन्हे’ जोडले की गुन्हे शाखा सांभाळणारे ‘पोलीस सहआयुक्त (गुन्हे)’ डोळ्यांसमोर येतात. ब्रिटनमधील हे पद त्याच्या जवळपास उलटे आहे. २०११ च्या कायद्याने ते निर्माण झाले आणि १५ नोव्हेंबर २०१२ रोजी, लंडन वगळता, ४१ दलांसाठी पहिली निवडणूक झाली. या पदावरील व्यक्ती गणवेश घालत नाही, कोणाला अटक करू शकत नाही आणि अमुक प्रकरणाचा तपास असा करा, असा हुकूमही देऊ शकत नाही. दलाचा अर्थसंकल्प ठरवणे, स्थानिक करातील पोलिसांचा हिस्सा निश्चित करणे, प्राधान्यक्रमांचा आराखडा मांडणे आणि दलप्रमुखाची नेमणूक करणे किंवा त्याला पदावरून दूर करणे, ही तिची कामे. सेवेतील पोलिसाला ही निवडणूक लढवताच येत नाही. उमेदवारीपूर्वी नोकरी सोडलेली असावी लागते.

शिवाय ‘आयुक्त’ या संस्कृत शब्दाचा मूळ अर्थच ‘नेमलेला’ असा आहे. व्युत्पत्तीवरून शब्द बाद करू नये, हे मलाही मान्य आहे. पण येथे रूढ अर्थही नेमणुकीकडेच ओढतो, त्यामुळे दोन्हीकडून अडचण होते.

प्रतिसाद : आपल्या परिच्छेदात याहून मोठा खड्डा ‘चीफ कॉन्स्टेबल’ या शब्दात आहे. जॉन्स्टन ग्वेंट पोलीस दलात चीफ सुपरिंटेंडेंट होते, पोलीस अधीक्षकांच्या संघटनेचे अध्यक्षही होते, आणि २०१२ मध्ये अपक्ष म्हणून निवडून आले. २०१३ मध्ये त्यांनी चीफ कॉन्स्टेबल कार्मेल नेपियर यांना निवृत्ती घ्या, नाहीतर पदावरून दूर व्हावे लागेल, असे बजावले. नेपियर निवृत्त झाल्या आणि पुढे प्रकरण संसदीय समितीसमोर गेले. आता हेच वाक्य कोशाच्या आधारे ‘माजी पोलीस अधीक्षक असलेल्या आयुक्तांनी मुख्य हवालदारांना घरी बसवले’ असे उतरवले, तर वाचक म्हणेल की यात एवढे काय झाले, ते तर रोजचेच आहे. वस्तुतः चीफ कॉन्स्टेबल हा संपूर्ण दलाचा प्रमुख असतो, तर चीफ सुपरिंटेंडेंट हा त्याच्या कित्येक पायऱ्या खाली. म्हणजे ज्या दलात जॉन्स्टन यांनी वरिष्ठांचे आदेश पाळले, त्याच दलाच्या प्रमुखाला जा म्हणण्याचा अधिकार मतपेटीने त्यांच्या हाती दिला. या कारकिर्दीतील सगळी गंमत आणि सगळा वाद त्या उलटापालटीत आहे, आणि चुकीच्या प्रतिशब्दाने नेमका तोच पुसला जातो. म्हणून हुद्दे देवनागरीत जसेच्या तसे ठेवावेत आणि पहिल्या उल्लेखाजवळ ‘दलप्रमुख’ असा खुलासा द्यावा.

प्रतिसाद : थोडा मतभेद नोंदवतो. सगळेच शब्द जसेच्या तसे ठेवायचे, तर मराठीत लिहायचे कशाला? ‘निर्वाचित पोलीस आयुक्त’ म्हटले की भागते.

प्रतिसाद : ‘निर्वाचित’ हा शब्द कायद्याच्या भाषेत ठीक आहे, पण वर्तमानपत्री मराठीने त्याहून चांगला शब्द आधीच रुळवला आहे, तो म्हणजे ‘लोकनियुक्त’. महाराष्ट्रात २०१७ मध्ये सरपंचाची थेट निवड सुरू झाली, २०२० मध्ये ती रद्द झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा आली. या सगळ्या काळात ‘लोकनियुक्त सरपंच’ हा प्रयोग गावोगावी पोचला. सदस्यांनी नव्हे, थेट मतदारांनी निवडलेला, ही छटा त्यात आपसूक येते आणि ब्रिटनमधील पदाला तीच हवी आहे. मात्र मतदारांचा उत्साह सरपंचाच्या निवडणुकीइतका होता असे समजू नये. पहिल्या खेपेस मतदान जेमतेम १५ टक्के झाले आणि ग्वेंटमधल्याच न्यूपोर्ट शहरातील एका केंद्रावर दिवसभरात एकही मतदार फिरकला नाही. ‘लोकनियुक्त’ मधील ‘लोक’ किती, हा प्रश्न तेथील टीकाकारांनी तेव्हापासून लावून धरला.

‘निवृत्त’ की ‘माजी’ याविषयी : नोकरीचा काळ पुरा झाला की ‘निवृत्त’, पद सुटले की ‘माजी’. मुंबईचे पोलीस आयुक्त सत्यपाल सिंह यांनी २०१४ मध्ये मुदतीपूर्वीच सेवा सोडली आणि ते बागपतमधून लोकसभेवर निवडून आले; त्यांना ‘माजी पोलीस आयुक्त’ म्हणणे अधिक नेमके. अर्थात ते खासदार झाले, पोलिसांवर देखरेख करणारे पदाधिकारी नव्हे. तसे निवडणुकीचे पद आपल्याकडे नाहीच. जॉन्स्टन यांच्याबाबत पोलीस सेवेसाठी ‘निवृत्त’ आणि कमिशनरपदासाठी ‘माजी’ असे दोन्ही शब्द आपापल्या जागी वापरावेत.

प्रतिसाद : याच ओघात अमेरिकेतील शेरीफविषयी सावध करतो. तेथे बहुतेक काउंटींमध्ये शेरीफ निवडून येतो आणि ब्रिटिश कमिशनरप्रमाणे नुसती देखरेख न करता स्वतः दल चालवतो. तुरुंगही बहुधा त्याच्याच ताब्यात असतो. मुंबईचा शेरीफ म्हणजे ‘नगरपाल’ हे एका वर्षाचे, नेमणुकीचे, मानाचे पद. त्यामुळे अमेरिकी शेरीफला ‘नगरपाल’ करू नये, ‘शेरीफ’च ठेवावे. ‘पोलीस पाटील’ हा शब्दही येथे लावू नये. तोही निवडून येत नाही, १९६७ च्या ग्रामपोलीस अधिनियमाखाली त्याची नेमणूक होते.

प्रश्नकर्त्यांसाठी नमुना वाक्य : ‘ग्वेंट पोलीस दलातील निवृत्त चीफ सुपरिंटेंडेंट इयान जॉन्स्टन हे २०१२ मध्ये त्याच दलावर देखरेख करणारे लोकनियुक्त पोलीस अँड क्राइम कमिशनर झाले.’ पुढील उल्लेखांत नुसते ‘कमिशनर’ पुरेल.