गटारीला अननस-चिकन करायचंय. अननस ताजा की डब्यातला? (आणि कढई कोणती?)

लसूणचटणी
नमस्कार मंडळी. येत्या रविवारी आमच्याकडे गटारी. दरवर्षी सुकं, तांबडा रस्सा आणि वडे ठरलेले असतात. यंदा मुलांचा हट्ट की हॉटेलात खाल्लं होतं तसं अननसाचं गोड-आंबट चिकन हवं. ते चकचकीत सॉसवालं, ढोबळी मिरचीचे चौकोनी तुकडे घातलेलं. खाणारे सहा, त्यात सासरेबुवा आणि ७ व ११ वर्षांची दोन कार्टी.
अननस ताजा घ्यावा की डब्यातला? चिकन कशात भिजवू? आणि भांडं कोणतं वापरू? घरात एक लहान नॉनस्टिक पॅन, एक हिंडालियमची कढई आणि सासूबाईंची बिडाची कढई आहे. नवीन भांडं घ्यायचं नाहीये. चिकन धरून सगळं ७०० रुपयांत बसवायचंय. आगाऊ धन्यवाद.

जुनी_कढई
नॉनस्टिक आधी भंगारात द्या. कार्बन स्टीलचा वोक घ्या, गोल बुडाचा. मी २२०० ला घेतला, सहा वर्षं झाली, आता त्यात ऑम्लेटसुद्धा चिकटत नाही. एकदाच खर्च होतो.

लसूणचटणी
नवीन भांडं घ्यायचं नाही असं ठळक अक्षरांत लिहिलंय हो.

जुनी_कढई
वाचलं. म्हणून तर म्हणतोय, एकदाच.

तळकोकणी
डब्यातलो अननस कोण खाता? साखरेच्या पाकात बुडवलेला स्पंज नुसता. ताजाच घ्या. बुडाकडचा भाग नाकाशी धरून बघा. गोड वास आला तर पिकलाय, आंबूस दारूसारखा आला तर उतरलाय. नुसत्या रंगावर जाऊ नका. आमच्या परसात पावसाळ्यात चार-पाच तरी निघतात. आई त्याचं सासव करते, मोहरी वाटून, ओलं खोबरं, गूळ, सुकी मिरची. गोड-आंबट-तिखट सगळं त्यात आहे. चिकन कशाला त्यात घालून वाया घालवता?

गोडघाशी
ताजा अननस +१. त्याचा रस काढून चिकन रात्रभर त्यातच बुडवून फ्रिजमध्ये ठेवा. लोण्यासारखं मऊ होतं.

केमिकल_लोचा
थांबा!! रात्रभर अजिबात नको. ताज्या अननसात ब्रोमेलेन नावाचं एन्झाइम असतं, ते प्रथिनं तोडतं. चिकनचे धागे सुटतात आणि वरचा थर चिकट लगदा होतो. कबाबला कच्ची पपई लावतो ना, तीच गंमत, फक्त तिच्यात पपेन असतं. अननसाचं शिकरण करून तासभर ठेवलंत आणि ते कडू झालं, असं कधी झालंय का? तो याचाच प्रताप, दुधातली प्रथिनं तुटतात म्हणून. अननसाच्या शिऱ्यात मात्र काही होत नाही, कारण आपण फोडी आधी साखरेत शिजवून घेतो आणि उष्णतेने एन्झाइम मरतं. डब्यातला अननसही कारखान्यात तापवलेला असतो, त्यामुळे त्यात भिजवलं तरी चिकन मऊबिऊ काही होणार नाही, चवच काय ती लागेल.
थोडक्यात, अननस ताजा घ्या, पण कच्च्या अननसाची आणि कच्च्या चिकनची गाठ पडू देऊ नका.

पोळीभाजी
केमिकल_लोचा यांना अनुमोदन, स्वानुभवाने. नवऱ्याच्या ऑफिसची सहा माणसं जेवायला यायची होती. कुठल्याशा व्हिडिओत बघून मी आदल्या रात्री दहाला चिकन रसात घातलं. दुपारी परतायला घेतलं तर पॅनमध्ये पिठलं. उलथनं लावलं की तुकडा नाहीसा! शेवटी वर कोथिंबीर घालून खिमा म्हणून वाढलं. एका साहेबांनी रेसिपी मागितली, ती अजून दिलेली नाही.

गोडघाशी
माझं छान होतं बुवा. तुम्ही देशी कोंबडी घ्या, ब्रॉयलर घेऊ नका.

केमिकल_लोचा
देशी कोंबडी ७०० रुपयांत? सहा जणांना? परतून? दात कोणाचे धरलेत?

संस्कारी_मन
धागाकर्तीला विनंती, "गटारी" म्हणू नये. त्या दिवशी दीप अमावास्या असते, घरातले दिवे घासून पुजायचे असतात. आपणच आपल्या सणांची अशी नावं पाडतो.

बिनतारी_संदेश
दिवे सकाळी पुजायचे, चिकन दुपारी खायचं. आमच्याकडे दोन्ही होतं. शिवाय अमावास्या वारावर अवलंबून नसते, म्हणून लोक आधीचा रविवार गाठतात. यांचा रविवार म्हणजे त्यातलाच असणार, तेव्हा दिव्यांना धक्का नाही.

संस्कारी_मन
मुद्दा नावाचा आहे.

तळकोकणी
मुद्दा अननसाचा आहे.

न्यूजर्सीची_मावशी
भिजवण्याबद्दल. अर्धा किलो बोनलेसला एक चमचा सोया सॉस, चिमूटभर मिरपूड, अर्ध्या अंड्याचा पांढरा बलक आणि एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर. वीस मिनिटं पुरे. चिनी हॉटेलातलं चिकन बाहेरून तुळतुळीत लागतं ते यामुळे.
पण कॉर्नफ्लोअर म्हणजे पांढरंशुभ्र, बोटात धरलं की कचकच वाजणारं. भारतात आणि इंग्लंडात ज्याला कॉर्नफ्लोअर म्हणतात, त्याला इथे अमेरिकेत कॉर्नस्टार्च म्हणतात. इथे कॉर्नफ्लोअर मागितलं की पिवळं मक्याचं पीठ हातात पडतं. नवीन आले तेव्हा मी तेच आणलं होतं. चिकनला मक्याच्या भाकरीचं अस्तर आलं. मुलगा अजून चिडवतो. बाकी इथला अननस म्हणजे

न्यूजर्सीची_मावशी
(आधीचा प्रतिसाद अर्धाच गेला.) असो, अननसाचं वर आलंच आहे.

पेठेतला
हे हवाईयन आहे ना मुळात? पिझ्झावर घालतात तसं? मला तर मांसाबरोबर अननस म्हणजे शिक्षा वाटते.

कौलूनचा_काका
हवाईचा काही संबंध नाही. तो पिझ्झासुद्धा १९६२ मध्ये कॅनडातल्या ओंटारियोत एका ग्रीक वंशाच्या हॉटेलवाल्याने पहिल्यांदा केला. मुलं मागतायत ते कँटोनीज 'गू लो युक'चं भाऊबंद. मूळ डुकराच्या मांसाचं, तळलेले तुकडे व्हिनेगर-साखरेच्या सॉसमध्ये. मी हाँगकाँगला अकरा वर्षं काढली, तिथे अननस आणि ढोबळी मिरची घालतातच. थायलंडमध्येही 'पाट प्रियाओ वान' मिळतं, त्यात अननसाबरोबर काकडी आणि टोमॅटो असतो. ते मला जास्त आवडतं, कमी चिकट.

पेठेतला
म्हणजे पिझ्झाही हवाईचा नाही आणि मंचुरियनही मंचुरियाचं नाही.

कौलूनचा_काका
मंचुरियन मुंबईचं. १९७५ साली क्रिकेट क्लबात नेल्सन वांग यांनी केलं असं सांगतात.

तळकोकणी
आणि अननस दक्षिण अमेरिकेतला, पोर्तुगीजांनी आणला, नावसुद्धा तिकडचंच. तरी सासव आमचंच हां.

शाकाहारी_शेजारी
चिकनऐवजी पनीर घातलं तर? श्रावण तोंडावर आलाच आहे.

बिनतारी_संदेश
तोंडावर आलाय म्हणूनच तर चिकन.

गाडीवाला_बंड्या
मी नऊ वर्षं चायनीजची गाडी चालवली, आता बंद केली (जागेची भानगड, तो वेगळा धागा होईल). म्हणून थोडं सविस्तर लिहितो.
ताई, तुमची अडचण कढईची नाही, आचेची आहे. गाडीवरच्या भट्टीची आच घरच्या शेगडीला येत नाही. त्यामुळे अर्धा किलो चिकन एकदम टाकलंत की पाणी सुटतं आणि ते परतलं न जाता उकडतं. मग वोक २२०० चा असो नाहीतर २२,००० चा. चिकन पुसून कोरडं करा, मगच कॉर्नफ्लोअर लावा. तीन वेळा थोडं थोडं टाका. टाकल्यावर मिनिटभर हलवू नका, लाल होऊ द्या, मग उलटा. शिजलं की ताटलीत काढा.
मग त्याच तेलात अननस, एकटाच. फोडीच्या कडा तपकिरी झाल्या पाहिजेत. लोक इथे घाई करतात आणि सगळा पदार्थ कच्च्या फ्रूट सॅलडसारखा लागतो. अननस काढला की आलं-लसूण, कांद्याच्या पाकळ्या, ढोबळी मिरची. दोन मिनिटांत गॅस बंद, मिरची करकरीत राहू दे.
सॉस वेगळा करा, स्टीलच्या पातेल्यात. टोमॅटो केचप तीन मोठे चमचे, व्हिनेगर दोन, सोया सॉस एक, साखर किंवा गूळ दीड, अननसाचा रस अर्धी वाटी. उकळला की चाखा. आंबट आधी लागलं पाहिजे, गोड मागून. अननस फार गोड निघाला तर साखर निम्मी करा. मग एक चमचा कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून घाला, गरम सॉसमध्ये कोरडं टाकलंत तर गोळ्या. शेवटी सगळं एकत्र, अर्धा मिनिट, लगेच वाढा. ठेवून दिलं की सॉस पातळ होतो.
बिडाच्या कढईत चिकन परता, मस्त होतं, पण त्यात आंबट सॉस ओतू नका. व्हिनेगर आणि अननस तिची मुरलेली काळी साय खाऊन टाकतात, सॉस काळपट होतो, लोखंडाची चव येते. हिंडालियमलाही आंबट चालत नाही.

केमिकल_लोचा
टाळ्या! रिकामा नॉनस्टिक पॅन मोठ्या आचेवर तापवत ठेवू नका, एवढी एकच भर घालतो. २६० अंशांच्या वर लेप खराब व्हायला लागतो.

जुनी_कढई
कार्बन स्टीलला लेपच नसतो.

नुकताच_आलेला
वरचे प्रतिसाद वाचले नाहीत, पण एक महत्त्वाचं सांगतो. चिकन अननसाच्या रसात जास्त वेळ भिजवू नका, लगदा होतो. आणि डब्यातला अननस घेऊ नका.

गोवेकर_बाय
सिंथेटिक व्हिनेगर नाकात जातं. माडाचं व्हिनेगर मिळालं तर तेच घाला, चव गोल येते. आमच्याकडे शेजारीण घरीच करते, आंब्याच्या लोणच्याच्या बाटलीत भरून देते. मापाचं विचारू नका, ती अंदाजाने घालते. आणि बोनलेस घेताना छातीचं नको, मांडीचं घ्या. छातीचं घरच्या आचेवर कोरडं पडतं.

बिनतारी_संदेश
मांडीचं +१. थोडं महाग पडतं पण.

लसूणचटणी
सगळ्यांचे खूप आभार, विशेषतः गाडीवाला_बंड्या. छापून फ्रिजवर चिकटवलंय. वोक घेत नाहीये.

लसूणचटणी (रविवार, रात्री)
झालं एकदाचं. आता चिडू नका.
सकाळी बोनलेस आणायला निघाले तर सासरेबुवा म्हणाले, "बोनलेस म्हणजे पनीरच की. हाड नसेल तर मी आपला आमटीभात खाईन." झालं! दुकानातून दीड किलो करी कटच आणलं, ३६० रुपये. हाडासकट चिकन परतून आतपर्यंत शिजेना, मग हळद-मीठ-आलं-लसूण घालून पातेल्यात आधी उकडून घेतलं. तो अळणी रस्सा मुलांनी भाताबरोबर उडवला, म्हणजे ज्यांच्यासाठी हा खटाटोप, त्यांची पोटं अर्धी तिथेच भरली.
मग तुकडे पुसून, कॉर्नफ्लोअर लावून, तीन वेळा परतले. अननस ताजा, ७० चा. बुडाचा वास बघून घेतला, भाजीवाला हसला. फोडी वेगळ्या परतल्या आणि त्यांनीच खरी मजा आणली, धाकटी तर ताटातून फक्त अननस वेचत होती. सॉस बंड्यांच्या मापाने सवाईने केला, गूळ एकच चमचा. सासऱ्यांनी तीन तुकडे घेतले आणि मग भाकरी मागितली. गोड-आंबट चिकन आणि ज्वारीची भाकरी! एकूण खर्च ६४० रुपये.

गाडीवाला_बंड्या
उकडून?? करी कट?? ताई, मी एवढं टाइप केलं.

कौलूनचा_काका
हाडासकट वाईट नाही. हॉटेलात बोनलेस देतात ते खाणाऱ्याच्या सोयीसाठी.

गोडघाशी
रात्रभर रसात ठेवलं असतं तर उकडायला लागलं नसतं.

पोळीभाजी
😂 गोडघाशी, तुम्ही पिठलं खाऊनच ऐकाल.

जुनी_कढई
सॉस कुठल्या भांड्यात केला, ते लिहिलं नाहीत.

लसूणचटणी
स्टीलच्याच पातेल्यात केला होता. पण शेवटी सगळं एकत्र करायला ते लहान पडलं, म्हणून बिडाच्या कढईत ओतलं. मग जेवायला बसलो आणि कढई तशीच राहिली. आत्ता घासायला घेतली तर तळाला राखाडी चट्टा दिसतोय. सासूबाई उद्या सकाळी माहेराहून येतायत.

गाडीवाला_बंड्या
आत्ताच्या आत्ता धुवून, गॅसवर पूर्ण कोरडी करा. तेलाचा अगदी पातळ हात फिरवा, जादाचं पुसून काढा, धूर येईपर्यंत तापवा. गार झाली की पुन्हा तेच, निदान तीनदा. साबण नको. खिडकी उघडी ठेवा.

लसूणचटणी
दुसरा हात चालू आहे. चट्टा जरा काळा पडलाय. वास मात्र सगळ्या मजल्यावर.