किलिमांजारो ठीक, पण लेंगाई बघा

आफ्रिकेतला ज्वालामुखी म्हणजे किलिमांजारोच, हे तुमचं म्हणणं उंचीपुरतं (५,८९५ मीटर) मान्य. पण खरी गंमत टांझानियातच, ओल दोइन्यो लेंगाई या ज्वालामुखीवर आहे. मासाई भाषेत 'देवाचा डोंगर'. एरवी लाव्हा हजार अंशांच्या आसपास तापलेला. याचा जेमतेम ५००-६००. लाव्हा घट्ट करणारी सिलिका जवळपास नाहीच, सगळा सोडियम-कॅल्शियम कार्बोनेटचा मामला. त्यामुळे दिवसाउजेडी तो लाल दिसतच नाही, काळ्या पातळ चिखलासारखा पळतो. आणि हवेतला ओलावा लागला की पांढराफटक! फोटोत अनेकांना तो बर्फच वाटतो.

काँगोतल्या न्यिरागोंगोचा लाव्हाही असाच पळणारा, पण भयंकर तापलेला. जानेवारी २००२ मध्ये डोंगराची कूस फाटली आणि लाव्हा गोमा शहर चिरत थेट किवू सरोवरात उतरला.