लांबण चटणी खाल्लीय का कुणी? अनुभव लिहा

ऊनसावली:
काल माळा आवरताना तळाशी एक काचेची बरणी निघाली. रिकामीच, पण झाकण उघडलं मात्र, तो वास! आजीची लांबण चटणी. तुमच्याकडे दुसरं काही नाव असेल. ज्यांनी खाल्लीय त्यांना सांगायला नको. बाकीच्यांसाठी: बोटाच्या टोकावर मावेल एवढीच घ्यायची. जिभेवर चव आहे तोवर वेळ ताणला जातो, घोटभर पाणी प्यायलं की खाडकन जागेवर. आजी ती एरवी काढायची नाही. मामा नोकरीच्या गावी परत निघाला की त्या सकाळी सगळ्यांच्या ताटात. त्याचं वर्षभराचं सांगून व्हायचं, मध्ये आई आणि त्याचं एक भांडण होऊन मिटायचं, आणि ताटातली वाफ अजून पहिल्याच वेटोळ्यात असायची. बोट घालून ती हलवायचा खेळ होता आमचा. तुमचे अनुभव येऊ द्या.

चुळबूळ:
नको ती आठवण! नवऱ्याचे साहेब जेवायला आले होते आणि सासूबाईंनी कौतुकाने सगळ्यांना वाढली. साहेबांची पहिली नेमणूक, मग प्रत्येक बदली, प्रत्येक बदलीतलं क्वार्टर. मी नवऱ्याला पाण्याच्या खुणा करतेय, तर हा साहेबांचाच पेला भरतोय. आणि साहेब जेवताना पाणी पीत नाहीत. पचन बिघडतं म्हणे.

रिकामटेकडा:
हसून हसून पुरेवाट. क्वार्टर!!

पाठचा बाक:
सगळ्यांनी घेतली तर ठीक. मला लहान म्हणून द्यायचे नाहीत. मोठी माणसं नुसती किणकिण करायची, ओठ दिसायचे नाहीत. पुढे एकदा चोरून खाल्ली तर उलटं, आईची हाक बंद पडत आलेल्या कॅसेटसारखी. 'अ' संपेना. भ्यायलो आणि अख्खा तांब्या प्यायलो.

रात्रपाळी:
जेवणाची सुट्टी अर्धा तास. डबा खाल्ला की चव जिभेवर धरून तोंड मिटून आडवा. पोटभर झोप व्हायची. बाकीचे विचारायचे, दोन मिनिटं डोळा लागला का रे? दाढी मात्र वाढलेली असायची.

चुळबूळ:
म्हणजे वयही तेवढं वाढतं??? साहेबांपायी माझे किती महिने गेले मग!

शंकासुर:
दाढीबिढी काही वाढत नाही, हे सगळं मेंदूत होतं. 2007 साली अमेरिकेत एक प्रयोग छापून आला होता. माणसांना 31 मीटरवरून खाली जाळ्यात सोडलं. दुसऱ्याच्या पडण्याला जेवढा वेळ लागला असं वाटलं, त्यापेक्षा स्वतःचं पडणं सरासरी 36 टक्के लांब वाटलं. पण मनगटावर भराभर बदलणारे आकडे दिले होते, ते काही त्यांना वाचता आले नाहीत. म्हणजे क्षण लांबला नव्हता, त्याची आठवण लांबली. तुमच्या चटणीचंही तेच असणार.

ऊनसावली:
मग मामाचं वर्षभराचं बोलणं ऐकलं कुणी? भांडण मला शब्दान् शब्द पाठ आहे.

शंकासुर:
ते मी तपासलेलं नाही :) बरणी पूर्ण रिकामी आहे का?

आडवाट:
आमच्याकडे चटणीचा एक घाणा करपला होता, त्याने उलटं झालं. जेवायला बसलो आणि उठलो, मधलं काहीच नाही. पोट भरलेलं, हात खरकटे. कंटाळवाण्या पाहुण्यांसाठी तीच ठेवा, चुळबूळताई.

शंकासुर:
वेळ आखडल्याचंही उदाहरण आहे! मिशेल सिफ्र नावाचा फ्रेंच माणूस 1962 मध्ये घड्याळाशिवाय आल्प्समधल्या एका गुहेत राहिला. 14 सप्टेंबरला त्याला बाहेर काढलं, तेव्हा त्याच्या हिशेबाने 20 ऑगस्टच होता. आत असताना दोन मिनिटं म्हणून 120 आकडे मोजायला त्याला पाच मिनिटं लागत.

रिकामटेकडा:
आणि चटणी न खाता! जाता जाता, काचेच्या बरणीचं झाकण अडकलंय, उपाय सांगा. चटणीची नाही, साधीच बरणी आहे.

आडवाट:
नुसतं झाकण गरम पाण्यात धरा. धातू काचेपेक्षा जास्त प्रसरण पावतो, सुटतं.

मंद वात:
बाबांना शेवटी जेवण जात नव्हतं. डॉक्टरांना विचारलं नाही, चमच्याच्या टोकाला लावून दिली आणि मीही घेतली. वाटलं होतं खूप बोलतील. ते म्हणाले, रेडिओ आण. मग मागचं झाकण उघडायला लावून कुठली तार कुठे जाते, कुठला जोड सारखा सुटतो, सगळं सांगितलं. न दमता, न खोकता. नर्स औषध घेऊन दारात आली होती, तिचं पाऊल अजून उंबऱ्यावरच होतं. रेडिओ बिघडला की मीच उघडते.

चुळबूळ:
ताई, काय लिहू. वाचून थांबलेच.

पाठचा बाक:
_/\_

रिकामटेकडा:
झाकण सुटलं, धन्यवाद. आत काय होतं ते विचारू नका.

घाईत आहे:
धागा आत्ता पाहिला, पूर्ण वाचला नाही, कुणी कृती दिलीय का? आमच्या चिरंजीवांनी जादा वेळ मिळावा म्हणून पेपरच्या आधी चाटली. उत्तरं लिहून झाली, तपासून झाली, तरी घंटा होईना. बाटली वर्गाबाहेर ठेवायला लावलेली. पर्यवेक्षकांची एक जांभई म्हणे अर्धा दिवस बघत होता.

आडवाट:
गणित होतं का?

घाईत आहे:
चित्रकला. आणि खोडरबर घरी.