विधी महाविद्यालयातले प्राध्यापक आणि विधानसभेची उमेदवारी: राजीनामा नेमका कधी?

उंबरठा:
शासकीय विधी महाविद्यालयात पूर्णवेळ शिकवणाऱ्या, २२ वर्षे सेवा झालेल्या सहयोगी प्राध्यापकांना विधानसभा लढवायची आहे. अर्ज भरायच्या दिवशी राजीनामा टाकला तर चालेल का? अनुदानित महाविद्यालयात असते तर काही फरक पडला असता का? बाबासाहेब प्राचार्य असतानाच निवडून आले होते, मग आता काय अडचण, असंही कोणी म्हणतं.

कलम१९१:
नुसता राजीनामा टाकून भागत नाही. शासकीय महाविद्यालयातलं पद हे राज्यघटनेच्या कलम १९१ प्रमाणे लाभाचं पद, म्हणजे सरकारखालचं पगारी पद, आणि ते असेपर्यंत माणूस आमदारकीला अपात्र. अपात्रता बघतात ती अर्जांच्या छाननीच्या दिवशी, म्हणून त्या दिवसापर्यंत राजीनामा मंजूर होऊन कार्यमुक्तीचा आदेश हातात हवा. पोचपावती दाखवून अर्ज वाचत नाही.

आता दिवस मोजा. अधिसूचनेनंतर अर्जाला सातवा दिवस शेवटचा, छाननी लगेच दुसऱ्या दिवशी. एवढ्यात फाइल महाविद्यालयातून मंत्रालयात जाऊन परत येईल, या भरवशावर कोणी राहू नये.

त्याहून मोठं नुकसान पेन्शनचं. राजीनाम्याने निवृत्तिवेतनासाठीची आधीची सेवा जाते. सरांची सेवा २० वर्षांच्या वर आहे, तेव्हा राजीनामा देऊच नये, स्वेच्छानिवृत्ती घ्यावी. तिला तीन महिन्यांची नोटीस लागते, म्हणजे निवडणूक जाहीर व्हायच्या बऱ्याच आधी निर्णय घ्यायला हवा. आणि कार्यमुक्त होईपर्यंत पक्षाच्या व्यासपीठावर बसू नये. १९७९ च्या वर्तणूक नियमांचा नियम ५ तोवर लागू असतो.

बाबासाहेब १९३५ पासून मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयाचे प्राचार्य होते आणि १९३७ मध्ये मुंबई विधानसभेवर निवडून आले, हे खरंच. पण ती निवडणूक ब्रिटिशांच्या १९३५ च्या भारत सरकार कायद्याखालची. आजच्या अर्जाला तिचा आधार घेता येणार नाही.

पारनेर_वकील:
अनुदानित महाविद्यालयाचं गणित वेगळं. नेमणूक संस्थेची, काढायचा अधिकार संस्थेचा. पगार सरकारी अनुदानातून येतो म्हणून ते पद सरकारखालचं होत नाही. नेमणूक कोण करतं, काढतं कोण, पैसे कोण देतं, कामावर ताबा कोणाचा, हे सगळं एकत्र पाहतात. सत्रुचर्ल चंद्रशेखर राजू प्रकरणात (१९९२) सर्वोच्च न्यायालयाने आदिवासी विकास संस्थेच्या शाळेतल्या शिक्षकाला याच कसोटीवर पात्र ठरवलं. तरी संस्थेची लेखी परवानगी आणि रजेचा आदेश आधी घ्यावा. अपात्रता नसली तरी सेवाशर्तींचा भंग म्हणून चौकशी लागू शकते.

छाननी_टेबल:
कायदा शिकवणाऱ्यांचेही अर्ज साध्या चुकांवर उडतात. सगळ्यात जास्त चुकते ती शपथ. ती अर्ज दिल्यानंतर आणि छाननीचा दिवस उजाडायच्या आत घ्यावी लागते. शेवटच्या दिवशी दुपारी पावणेतीनला अर्ज दिला, तर शपथ त्याच दिवशी उरकावी लागते. छाननीच्या टेबलावर घेतलेली शपथ चालत नाही.

दुसरी चूक नमुना २६ च्या प्रतिज्ञापत्रात, म्हणजे मालमत्ता आणि गुन्ह्यांची माहिती देतात त्यात. रकाना रिकामा ठेवायचा नाही, रेघही मारायची नाही. 'निरंक' किंवा 'लागू नाही' असं लिहायचं. नाव दुसऱ्या मतदारसंघाच्या यादीत असेल तर त्या भागाची प्रमाणित प्रत जोडा. अपक्षाला त्याच मतदारसंघातले दहा सूचक, म्हणजे नाव सुचवणारे मतदार, लागतात. एखाद्या सूचकाचं नाव बाद झालं तर अडचण नको, म्हणून चार अर्ज भरता येतात त्याचा फायदा घ्यावा. अनामत १०,०००, अनुसूचित जाती-जमातीसाठी ५,०००. निवडणूक खर्चाचं वेगळं बँक खातं अर्जाच्या निदान एक दिवस आधी उघडा.

उंबरठा:
त्यापेक्षा विधान परिषदेचा शिक्षक मतदारसंघ सोपा पडेल का?

कलम१९१:
उमेदवार स्वतः शिक्षक असायलाच हवा असं तिथे नाही. वय ३० पूर्ण आणि राज्यातल्या कुठल्याही विधानसभा मतदारसंघाच्या यादीत नाव, एवढं पुरे. मात्र लाभाच्या पदाची अट तिथेही तीच, त्यामुळे शासकीय सेवेतला पेच सुटत नाही.

खरं काम शिक्षक मतदारांच्या यादीचं. ती दर वेळी नव्याने होते, जुनं नाव आपोआप येत नाही. नावनोंदणीसाठी नमुना १९ भरायचा, १ नोव्हेंबरपूर्वीच्या सहा वर्षांत मिळून तीन वर्षं शिकवल्याचा संस्थाप्रमुखांचा दाखला जोडायचा. मतदान पसंतीक्रमाचं, केंद्रावर दिलेल्या जांभळ्या स्केच पेननेच. शिकलेला मतदारही सवयीने बरोबरची खूण करतो किंवा '१' लिहायचाच विसरतो आणि मत बाद होतं. प्रचारपत्रकावर मतपत्रिकेचा नमुना छापाच.